चिठ्ठीवरचा एक शब्द

श्रोतेहो, आपल्या भंडाऱ्याकडे, एकंदर पूर्व विदर्भातच, सिकलसेलची तपासणी नवी नाही. १ जुलै २०२३ पासून तर राष्ट्रीय मोहीमच सुरू झाली आहे. बोटातून रक्ताचा थेंब घेतात, औषधी द्रावणात टाकतात. द्रावण गढूळ झाले, की चिठ्ठीवर ‘पॉझिटिव्ह’ लिहिले जाते. आणि तेवढ्यावर ठरलेली सोयरीक मोडते!

पण ही चाचणी सांगते किती? रक्तात पेशींना विळ्याचा आकार देणारे हिमोग्लोबिन आहे, एवढेच. तो दोष आईबाप दोघांकडून आला की एकाकडून, हे तिला कळत नाही. दोघांकडून आला तर आजार. एकाकडूनच आला तर माणूस नुसता वाहक; बहुधा धडधाकट, दिवसभर रोवणीच्या चिखलात राबणारा. हा भेद इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी या दुसऱ्या तपासणीत कळतो. ती झाल्यावाचून कोणाला रोगी म्हणू नये.

सोयरिकीत दोन्हीकडच्या चिठ्ठ्या शेजारी ठेवून वाचा. एक वाहक आणि दुसऱ्याचे हिमोग्लोबिन निर्दोष, तर मुलांना हा आजार होत नाही. फार तर तीही वाहक होतील. दोघेही वाहक असले, तर मात्र प्रत्येक खेपेला आजाराचा संभव २५ टक्के. पहिले मूल सुदृढ निघाले म्हणून दुसऱ्याच्या वेळी तो कमी होत नाही, बरे का!