माळ्यावरची हलगी



संयोजकांनी ‘लोकवाद्ये’ असा ऐसपैस विषय दिला. तुणतुणं, संबळ, तारपा... वीस मिनिटांत काय काय सांगणार? मी एकाच वाद्यावर बोलतो. ते आमच्या घरात होतं, पण मला कुणी शिकवलं नाही.

हलगी. आमच्या मराठवाड्यात डफडं. लाकडाचं किंवा लोखंडाचं कडं, त्यावर ताणलेलं कातडं, एका हातात जाड टिपरू, दुसऱ्या हातात बारीक काडी. वाजवण्याआधी ती जाळावर शेकतात. मी संशोधक, त्यामुळे थोडं शास्त्र सांगतोच. कातडं हवेतला ओलावा शोषतं, सैल पडतं, आवाज बसतो. शेकलं की ओलावा उडतो, ताण वाढतो, आवाज चढतो. ऑगस्टमधल्या दमट शारजात तर ती पुन्हापुन्हा शेकावी लागेल!

आजोबांना हे पुस्तकाविना ठाऊक होतं. लग्न असो, जत्रा असो की मयत, मिरवणुकीत ते सगळ्यांच्या पुढे आणि पंगतीत सगळ्यांच्या शेवटी, तेही अंगणाबाहेर. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला धर्मांतर झालं. त्यानंतर अनेक गावांत आपल्या लोकांनी गावकीची कामं सोडली, त्यात वाजवणंही सोडलं. आजोबांनी हलगी माळ्यावर टाकली. गावाने दळण बंद केलं, पण ती खाली आली नाही. बाबा तेव्हा सहा वर्षांचे होते. पुढे आम्ही ताट वाजवलं तरी ते चिडायचे.

इथे शारजात एका वारसा महोत्सवात मी ‘तंबुरा’ पाहिला. आपल्या तंबोऱ्याशी नावापुरतंच नातं. हे सहा तारांचं, चौकटीचं वाद्य. सोबत एकाच्या कमरेला ‘मंजूर’, म्हणजे शेळ्यांचे खूर शिवलेला पट्टा. तो हलला की पावसासारखा आवाज. आफ्रिकेतून गुलाम करून आणलेल्या माणसांबरोबर ही वाद्यं आखातात आली. समोर वाजवणारा म्हातारा मात्र खुर्चीवर ऐटीत बसला होता. माझी नजर त्या खुर्चीवरच खिळली.

आपल्या ढोल-ताशा पथकात इंजिनिअर, डॉक्टर हौसेने घाम गाळतात. त्यांना कुणी जात विचारत नाही. हलगी घेतली की लोक आडनाव विचारतात. दोष वाद्याचा नाही, हे मला पटतं. अण्णाभाऊ साठे, अमर शेख यांनी डफ कामगारांच्या सभेत आणलाच ना? मातंग समाजातल्या अनेक कलावंतांचं पोट आजही हलगीवर आहे. त्यांना ‘सोडा’ म्हणणारा मी कोण? पण आजोबांचा नकारही मला चुकीचा म्हणवत नाही.

आता माझ्या चौदा वर्षांच्या मुलीला हलगी शिकायचीय. मागच्या सुट्टीत ती एक घेऊनच आली. बाबांना सांगितलं, तर ते आठवडाभर बोलले नाहीत. मग परवा त्यांचा फोन आला. म्हणाले, “कुणाच्या वरातीपुढं वाजवायची नाही, एवढं सांग तिला.” थोडं थांबून विचारलं, “शेकायची कशी, माहितीय का तिला? त्या ओव्हनमध्ये ठेवाल, कातडं फाटेल.”