आपली पाळी येईपर्यंत



शाळेच्या मुख्याध्यापिका बाईंनी निमंत्रणात विषय लिहून दिला होता: पाश्चात्त्य संगीत आणि त्यातल्या करिअरच्या संधी. मी मुद्दे काढून आणलेत, खिशात आहेत. पण मघाशी फाटकातून आत आलो आणि कौलारू वर्गांच्या जागी ही तीन मजली इमारत बघितली, तेव्हापासून डोक्यात दुसरंच चाललंय. आमचा सातवीचा वर्ग साधारण त्या पाण्याच्या टाकीपाशी होता. खिडकीबाहेर पेरूची बाग. बहराच्या दिवसांत गणिताच्या तासाला अर्ध्या वर्गाचं लक्ष फळ्याकडे नसायचं. वारा तसा असला तर गणेशनगरच्या कारखान्याचा भोंगाही ऐकू यायचा. तो कुठल्या सुरात वाजतो ते मी घरी येऊन पेटीवर शोधत बसायचो. आई म्हणायची, याचं काही खरं नाही.

पेटी आमच्या घरी भजनापुरती होती. पियानोसारख्या पट्ट्यांचं मोठं वाद्य, पायानं भाता मारायचा ऑर्गन, मी पहिल्यांदा चर्चमध्ये बघितला. तिथल्या सिस्टरनी मला बाकावर बसू दिलं. पाय पोचत नव्हते, तर शेजारच्या मुलानं भाता मारला आणि मी पट्ट्या दाबल्या. पुढे मुंबईला गेलो, पियानो शिकलो, स्टुडिओंमधून वाजवला, आणि नंतर इतरांकडून वाजवून घेण्याचं काम वाट्याला आलं. तेव्हा पाहुण्यांच्या परिचयात 'ऑर्केस्ट्रा कंडक्टर' असं जे मोठं बिरुद वाचलं गेलं, त्याची पाळंमुळं इथे राहात्यात आहेत.

खरं शिक्षण मात्र शाळेच्या बँडमध्ये झालं. सव्वीस जानेवारीच्या संचलनाला आपला बँड असायचा. मला हवा होता साइड ड्रम. पी.टी.च्या सरांनी हातात झांज दिली. झांज कधी वाजवायची? कडव्याच्या शेवटी, एकदा. बाकीचा वेळ नुसतं उभं राहायचं. मी चुळबुळ करायचो, इकडेतिकडे बघायचो. सर जवळ येऊन हळू आवाजात म्हणाले, "तुझी पाळी नसते तेव्हा तू काय करतोस, माझं लक्ष तिकडेच असतं. मोज." तेवढंच. त्यांचा तो 'मोज' मला विएन्नाच्या संगीताच्या पुस्तकांनीही शिकवला नाही.

मुलांनो, आज मी तुम्हाला एकच गोष्ट सांगणार आहे आणि ती पुन्हा पुन्हा सांगणार आहे, कंटाळा आला तरी. पाळी नसताना मोजायला शिका.

ड्वोर्झाक नावाच्या संगीतकाराची 'न्यू वर्ल्ड' सिंफनी आहे. 1893 च्या डिसेंबरात न्यूयॉर्कला पहिल्यांदा वाजली. चार भाग, चाळीस मिनिटांच्या वर. त्या सगळ्या पसाऱ्यात झांजेच्या वाट्याला एकच ठोका आहे, शेवटच्या भागात, आणि तोही फार जोरात नाही. तो एक ठोका चुकला, अर्धा क्षण अलीकडे-पलीकडे झाला, तर सभागृहातल्या प्रत्येकाला कळतं. बरोबर पडला तर कुणाच्याच लक्षात येत नाही. असली नोकरी करणारी माणसं मला फार थोर वाटतात.

आता झुबिन मेहतांचं सांगतो, कारण कंडक्टर म्हटलं की तुम्हाला तेच नाव माहीत असणार. 29 एप्रिल 1936 ला मुंबईत जन्म. वडील मेहली मेहता व्हायोलिनवादक; 1935 मध्ये त्यांनी बॉम्बे सिंफनी ऑर्केस्ट्रा उभा केला. म्हणजे मुलगा जन्मला तो तालमींच्या गलक्यातच. घरच्यांच्या इच्छेप्रमाणे सेंट झेवियर्समध्ये डॉक्टरकीच्या वाटेला लागला होता, ती अर्धवट सोडून 1954 मध्ये संगीत शिकायला विएन्नाला गेला. वय अठरा. पालकांनी घाबरू नये, मी कुणाला डॉक्टरकी सोडा असं सांगत नाहीये.

विएन्नात त्यानं वाजवायला कोणतं वाद्य घेतलं? डबल बास. माणसाच्या उंचीचं, ऑर्केस्ट्रात कडेला उभं असलेलं. सुरावट बहुतेक वेळा व्हायोलिनकडे असते. बासवाला खालून एकेक स्वर देतो आणि बाकीचा वेळ मोजतो. तिथे हान्स स्वारोव्स्कींकडे तो संचालन शिकत होता. पण मला त्याची सगळ्यात आवडणारी गोष्ट वेगळीच आहे. कारायान, ब्रूनो वाल्टर यांच्यासारख्या बड्या कंडक्टरांच्या तालमींना विद्यार्थ्यांना प्रवेश नसे. मग झुबिन आणि त्याचा मित्र क्लाउदिओ अबाडो, तोही पुढे जगप्रसिद्ध कंडक्टर झाला, दोघांनी काय करावं? तिथल्या गायकवृंदात खर्जाच्या आवाजात गायला नाव नोंदवलं. कोरसमध्ये उभं राहून गायचं आणि डोळे सगळे त्या कंडक्टरच्या हातांवर. पुढची खुर्ची मिळत नाही म्हणून रुसून घरी बसले नाहीत. मागच्या रांगेत शिरले.

तिसऱ्या ओळीतले दोघं, हो, तुम्हीच, तुमचं बोलणं संपलं की मी पुढे जातो. झालं? बरं.

1958 मध्ये लिव्हरपूलची संचालनाची स्पर्धा त्यानं जिंकली. तरी त्यानंतर मोठी कामं कशी मिळाली ते बघा. मॉन्ट्रियलला ठरलेले कंडक्टर मार्केविच येऊ शकले नाहीत, त्यांच्या जागी हा. लॉस एंजेलिसला फ्रिट्झ रायनर येऊ शकले नाहीत, त्यांच्या जागी हा. इस्रायलला ऑर्मंडींच्या जागी पुन्हा हाच. बदली खेळाडू! पण बदलीवर बोलावलेल्या माणसाला तयारीला वेळ देत नाहीत. तयारी आधीच झालेली लागते. 1962 मध्ये, सव्विसाव्या वर्षी, लॉस एंजेलिस फिलहार्मोनिक त्याच्याकडे आली. 1978 ते 1991 न्यूयॉर्क फिलहार्मोनिक, म्हणजे ज्या वाद्यवृंदानं 'न्यू वर्ल्ड' पहिल्यांदा वाजवली तोच. रविशंकरांची सतारीची दुसरी कंचेर्तो त्यानं तिथेच केली. इस्रायल फिलहार्मोनिकशी तर 2019 पर्यंत संसार केला. 2016 मध्ये ऐंशी वर्षं पूर्ण करताना तो वाद्यवृंद घेऊन मुंबईला आला. मी ऐकायला गेलो होतो. खरं सांगतो, मी झुबिनकडे कमी आणि मागच्या डबल बासवाल्यांकडे जास्त बघत होतो.

कंडक्टर नेमकं करतो काय, हेही सांगायचं होतं. थोडक्यात सांगतो, वेळ झालाय. उजव्या हातात लय, डाव्या हातात लहान-मोठा आवाज, आणि डोळ्यांनी पुढच्याला आधीच इशारा. स्वतः एकही स्वर वाजवत नाही. बाकी प्रश्न असतील तर चहाच्या वेळी विचारा.

त्यापेक्षा आपल्याकडच्या माणसांचं सांगितलेलं बरं. गोव्यातल्या माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस. संगीतकार प्यारेलालजींना व्हायोलिन त्यांनी शिकवलं, आणि शिष्यानं गुरूचं नाव 1977 च्या 'अमर अकबर अँथनी'मध्ये अमिताभच्या तोंडी घातलं. ते गाणं तुम्ही गणपतीत नाचून झिजवलंय, पण तो खरा माणूस होता हे कितीजणांना माहीत आहे? शंकर-जयकिशनच्या गाण्यांमागचं वाद्यांचं संयोजन सेबॅस्टियन डिसूझांचं, तेही गोव्याचे. हे लोक नोटेशन लिहून समोर ठेवायचे, वादक ते बघून वाजवायचे, आणि टेक ओके झाला की घरी. पडद्यावर नाव क्वचित. चुकलेल्या वादकामुळे सगळ्यांना पुन्हा पहिल्यापासून वाजवावं लागायचं, कारण तेव्हा गायक आणि सारे वादक एकाच वेळी ध्वनिमुद्रित होत. आता प्रत्येकजण वेगळा येऊन वाजवतो, शेजाऱ्याचं तोंडही बघत नाही. सोय आहे, मीही तीच वापरतो. पण थांबायची सवय त्यात गेली.

मघापासून मी त्या दरवाजाशी उभ्या लेझीम पथकाकडे बघतोय. फेटे बांधून तासभर झाला असेल. त्यातली कडेची ती मुलगी, लाल फेट्याची, हातातल्या लेझमीनं मांडीवर गुपचूप ठेका धरून आहे. आवाज येऊ देत नाही. बाई, हिचं नाव मला नंतर सांगा. आणि पालकहो, दहावीला नव्वद टक्के पडले नाहीत म्हणून मुलाला ज्या स्वरात बोलता, तो स्वर जरा खाली घ्या. त्याची पाळी अजून यायची असेल. तो मोजतोय की झोपलाय, एवढंच बघा.

मुख्याध्यापिका बाई माझ्या वर्गातल्या, हे बऱ्याच जणांना माहीत नसेल. पहिल्या बाकावर बसायच्या, माझ्या वहीतली गणितं तपासून द्यायच्या. आत्ताही घड्याळाकडे बघताहेत. बाई, संपवतो.

शेवटचं एक काम. शाळेच्या प्रार्थनेच्या पेटीचा भाता फाटलाय आणि मधल्या सप्तकातले दोन स्वर बोलत नाहीत, असं संगीताच्या सरांनी सांगितलं. दुरुस्तीचा कारागीर मी पाठवतो, खर्च माझा. अट एवढीच, की पेटी कपाटात कुलूपबंद ठेवायची नाही. एकानं वाजवावी, शेजारी दुसऱ्यानं थांबून ऐकावं, आणि दर आठवड्याला जागा बदलावी. यादी सरांनी करायची, पोरांनी नाही.

चला, लेझीमवाल्यांना आता सोडा.