समुद्र कोणाचा? : युरोपीय प्रबोधनकाळाचा राजकीय विचार आणि कोकणकिनारा

युरोपीय प्रबोधनकाळाचा राजकीय विचार कोकणकिनाऱ्यावर ग्रंथातून आला नाही; तो एका परवान्यातून आला. या परवान्याचे नाव कार्ताझ. सोळाव्या शतकाच्या सुरुवातीलाच पोर्तुगीजांनी अरबी समुद्रातल्या व्यापारी जहाजांवर त्याची सक्ती बसवली. जहाज कोणाचे, केवढे, त्यावर शस्त्रे किती, ते जाणार कुठे, हे सारे त्यात लिहिलेले असे. मिरी आणि दारूगोळा नेण्यास मनाई होती, आणि वाटेत पोर्तुगीज बंदरात जकात भरावी लागे. परवाना नसलेले जहाज मालासकट जप्त होई. त्याआधी व्यापाऱ्याला जकात ठाऊक होती ती बंदरातली. भर पाण्यात हक्क सांगणारा राजा त्याला सहसा भेटला नव्हता.

या कागदामागे राज्यसत्तेची एक नवी कल्पना होती. 1493 मध्ये पोपने आज्ञापत्रे काढली, 1494 मध्ये तोर्देसियासचा तह झाला आणि स्पेन व पोर्तुगाल यांनी युरोपाबाहेरचे जग एक रेघ ओढून वाटून घेतले. वास्को द गामा परतल्यावर पोर्तुगालच्या मानुएल राजाने आपल्या बिरुदांत हिंदुस्थान, इराण आणि अरबस्तानच्या नौकानयनाचे व व्यापाराचे स्वामित्व जोडले. ज्या समुद्राचे एक टोकही त्याने पाहिले नव्हते, त्याचा तो धनी झाला.

महाविद्यालयात प्रबोधनकाळ शिकवताना मॅकियाव्हेलीपाशी सुरुवात होते आणि बहुधा तिथेच शेवट होतो. त्याने 1513 मध्ये लिहिलेला ‘प्रिन्स’ राजकारणाला धर्मोपदेशापासून वेगळे काढतो. 1576 मध्ये जाँ बोदँ सार्वभौमत्वाची व्याख्या करतो. दोघांचीही थोरवी निर्विवाद आहे, पण दोघांचेही लक्ष मुख्यतः जमिनीवरच्या राज्यावर आहे. त्याच काळातला समुद्राचा वाद अभ्यासक्रमात मागे राहतो. खरे तर आजच्या राष्ट्रांच्या व्यवहारावर त्याची पकड अधिक थेट आहे, आणि तो वाद पेटला तो आपल्या बाजूच्या पाण्यावरून.

सालामांकाच्या विद्यापीठात फ्रान्सिस्को दे व्हितोरियाने 1539 मध्ये सांगितले, की पोप साऱ्या जगाचा ऐहिक स्वामी नाही, म्हणून त्याने दिलेले दानही ग्राह्य नाही. 1603 मध्ये डचांनी सिंगापूरजवळ ‘सांता कातारिना’ हे पोर्तुगीज जहाज धरले. त्या लुटीच्या समर्थनासाठी डच ईस्ट इंडिया कंपनीने ह्यूगो ग्रोशियस या तरुण वकिलाला लेखणी उचलायला लावली. त्याच्या लेखनातले एक प्रकरण 1609 मध्ये ‘मुक्त समुद्र’ या अर्थाच्या लॅटिन नावाने, लेखकाच्या नावाविना, छापले गेले. समुद्राला कुंपण घालता येत नाही, म्हणून तो कोणाच्या मालकीचा होत नाही, असे त्याचे प्रतिपादन. पूर्वेकडच्या देशांत आधीपासून राजे आहेत, कायदे आहेत. तिथे ‘शोध लावल्याचा’ हक्क चालत नाही, असेही त्याने बजावले. हा युक्तिवाद कंपनीच्या सोयीचा होता हे विसरता येत नाही. 1613 मध्ये लंडनच्या वाटाघाटींत हाच ग्रोशियस डच मक्तेदारीची बाजू मांडू लागला, तेव्हा इंग्रजांनी त्याचेच पुस्तक त्याच्यापुढे धरले. पुढे 1635 मध्ये जॉन सेल्डनने इंग्लंडच्या राजासाठी ‘बंद समुद्रा’चा ग्रंथ प्रसिद्ध केला. तत्त्व आणि स्वार्थ या वादात पहिल्यापासून एकाच होडीत बसलेले आहेत.

या वादाला मराठीत उत्तर आहे. छत्रपती शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडीच्या खाडीत आरमाराची सुरुवात केली, 1664 मध्ये सिंधुदुर्गाचे काम काढले आणि 1679 मध्ये इंग्रजांच्या विरोधाला न जुमानता खांदेरीचा किल्ला उभा केला. त्या अनुभवाचे शास्त्र रामचंद्रपंत अमात्यांनी 1715 च्या ‘आज्ञापत्रा’त मांडले. आरमार हे त्यांच्या मते राज्याचे स्वतंत्र अंग आहे, आणि ज्याच्याजवळ आरमार त्याचाच समुद्र. टोपीकर, म्हणजे युरोपीय व्यापारी, इतर सावकारांसारखे नव्हेत, त्यांच्या प्रत्येकाच्या पाठीशी एकेक राजा आहे, असे अमात्य सांगतात. त्यांना येण्याजाण्यापुरतेच राहू द्यावे, किनाऱ्यावर जागा देऊ नये. वखारीला जागा देणे भागच पडले, तर ती खाडीपासून दूर, मोठ्या गावाच्या नजरेखाली द्यावी, आणि पक्की इमारत बांधू देऊ नये. राजाचा पाठिंबा असलेली व्यापारी कंपनी ही काय वस्तू आहे, हे इतक्या नेमकेपणाने ओळखणारा मजकूर त्या काळात विरळा.

मराठी आरमाराचे प्रमुख कान्होजी आंग्रे यांनी आपल्या समुद्रात जाणाऱ्या जहाजांसाठी दस्तक, म्हणजे परवाने, काढले. इंग्रजांनी त्यांना चाचा म्हटले. पोर्तुगीजाने दिला तर परवाना आणि आंग्र्यांनी मागितला तर चाचेगिरी, हा भेद कायद्याचा नव्हता, तोफांचा होता. 1721 मध्ये इंग्रज व पोर्तुगीज मिळून आंग्र्यांच्या कुलाबा किल्ल्यावर चालून आले आणि हात हलवीत परतले. मात्र पेशव्यांनी तुळाजी आंग्रे यांच्याविरुद्ध इंग्रजांशी हातमिळवणी केली आणि 1756 मध्ये विजयदुर्गाच्या बंदरात मराठी आरमार जळाले. अमात्यांनी ज्याला राज्याचे अंग म्हटले होते, ते राज्यकर्त्यांनीच तोडले. मराठी राजकारणाची याहून मोठी चूक दाखवणे कठीण आहे.

आजचा सागरी कायदा म्हणजे ग्रोशियस आणि सेल्डन यांच्यातली तडजोड आहे. संयुक्त राष्ट्रांच्या 1982 च्या करारानुसार किनाऱ्यापासून 12 सागरी मैलांपर्यंत राष्ट्राचे सार्वभौमत्व, 200 मैलांपर्यंत साधनसंपत्तीवर हक्क, आणि त्यापलीकडे खुला समुद्र. भारताने हा करार 1995 मध्ये मान्य केला. संविधानाच्या कलम 297 नुसार या पट्ट्यातील संपत्ती केंद्र सरकारकडे निहित आहे. 1989 मध्ये सुरू झालेल्या न्हावा शेवा बंदरात लागणारे प्रत्येक कंटेनर जहाज याच नियमांनी येते-जाते.

राज्य आणि राज्य यांच्यातला प्रश्न असा बराचसा सुटला. राज्य आणि रयत यांच्यातला प्रश्न मात्र त्या युरोपीय वादाच्या पोटात नव्हताच. तो आज्ञापत्रात आहे. आरमाराच्या सोटांना, तक्त्यांना लाकूड हवे. अमात्य सागाचे लाकूड हुकुमाने तोडण्यास, कमी पडल्यास परमुलखातून विकत आणण्यास सांगतात. रयतेच्या आंब्याफणसाला मात्र हात लावू देत नाहीत. ती झाडे वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत, माणसांनी ती लेकरांसारखी वाढवलेली असतात. एखादे जीर्ण झाड घ्यायचेच, तर धन्याला राजी करून, पैसे देऊन. युद्धनौकेची निकड आणि शेतकऱ्याचे झाड यांत राज्याने कसे वागावे, हे इथे एका परिच्छेदात ठरले आहे.

उरण-पनवेलच्या किनाऱ्यावर हा परिच्छेद जुना झालेला नाही. बंदराच्या भरावामुळे खाडीतली मासेमारी गेलेल्या 1,630 कुटुंबांना 95 कोटी रुपयांहून अधिक भरपाई द्यावी, असा आदेश राष्ट्रीय हरित लवादाने 2015 मध्ये दिला. कोळ्यांकडे खाडीचा सातबारा नसतो. ग्रोशियसच्या तर्काने खाडी सर्वांची, सेल्डनच्या तर्काने सरकारची. पिढ्यान्‌पिढ्या तिथे जाळे टाकणाऱ्याचा हक्क दोघांच्याही मांडणीत नीट बसत नाही. अमात्यांच्या मांडणीत तो बसतो, कारण तिथे मालकीआधी माणसाची मेहनत मोजली जाते.

म्हणून नवी मुंबईत भरलेल्या या परिषदेपुढे मागणी एकच आहे. महाराष्ट्रातील विद्यापीठांनी राज्यशास्त्राच्या अभ्यासक्रमात ‘प्रिन्स’ आणि ‘मुक्त समुद्र’ यांच्या शेजारी ‘आज्ञापत्र’ मूळ मराठीत नेमावे, आणि त्याची सुरुवात खाडीकाठच्या महाविद्यालयांनी पुढच्याच वर्षापासून करावी.