एकेका प्रकाशकणाचा हिशेब



मी विज्ञानाचा विद्यार्थी नव्हे; कलाशाखेचा पदवीधर व केंद्र सरकारचा सेवक. तरीही आज प्रकाशकणांविषयी बोलण्याचे धाडस करतो आहे, कारण हा विषय मुळात चोख हिशेबाचा आहे.

आपल्या बसवनगुडीशेजारी गवी गंगाधरेश्वराच्या गुहेत मकरसंक्रांतीच्या सायंकाळी नंदीच्या शिंगांमधून सूर्यकिरण पिंडीवर पडतात. तेथे अगणित प्रकाशकण, म्हणजे फोटॉन, एकदम डोळ्यांत शिरतात. मोजण्याचे कारणच पडत नाही. अतिदूरच्या दीर्घिकेचा प्रकाश मात्र थेंबाथेंबाने येतो. तेथे चित्र घेणे म्हणजे कण मोजणे.

असे मोजमाप करणारी अतिनील दुर्बीण बेंगळूरच्या भारतीय ताराभौतिकी संस्थेने इतर संस्थांच्या साहाय्याने सिद्ध केली. अतिनील किरण वातावरणात अडतात, म्हणून २८ सप्टेंबर २०१५ रोजी 'ॲस्ट्रोसॅट' उपग्रहातून ती अवकाशात धाडण्यात आली. तिची रीत अशी : प्रकाशकण संवेदनशील थरावर आदळला की एक इलेक्ट्रॉन सुटतो, सूक्ष्म नलिकांच्या चकतीत त्या एकाचे हजारो होतात, त्यांच्या आघाताने दुसऱ्या पडद्यावर ठिपका चमकतो आणि कॅमेरा त्याची जागा टिपतो. ठिपके साचत जाऊन चित्र उमटते.

परंतु यंत्रात आपोआपही ठिपके उठतात, आकाशाच्या पार्श्वभूमीचा उजेडही मिसळतो. खरी नोंद कोणती नि खोटी कोणती, हाच कळीचा प्रश्न!

ऑक्टोबर २०१६ मध्ये या दुर्बिणीने २८ तासांहून अधिक काळ एक दीर्घिका न्याहाळली. डॉ. जयंत नारळीकरांनी पुण्यात उभारलेल्या 'आयुका'तील डॉ. कनक साहा व सहकाऱ्यांनी जवळजवळ दोन वर्षे ती नोंद तपासली आणि ऑगस्ट २०२० मध्ये निष्कर्ष जाहीर केला : ९३० कोटी प्रकाशवर्षे दूरच्या त्या दीर्घिकेतून हायड्रोजनचे अणू फोडू शकणारे किरण बाहेर निसटत होते. बाल्यावस्थेतील विश्वाला व्यापणारे हायड्रोजनचे धुके कोणी विरवले, या कोड्याचा हा मोलाचा धागा होय. 'हबल'चा आरसा २.४ मीटरचा, आपला अवघा ३७.५ सेंटीमीटरचा, तरीही 'हबल'ला न गवसलेले हे किरण आपल्या यंत्राला सापडले, कारण त्यात खोट्या ठिपक्यांचा गोंगाट फार कमी होता.

तो प्रकाश निघाला तेव्हा पृथ्वीचा जन्मही झाला नव्हता. तो टिपला बेंगळूरच्या यंत्राने, पारखला पुण्याच्या अभ्यासकांनी. या दोन्ही नगरांना आपले मानणाऱ्या आपल्या मुलांना ही हकीकत अवश्य सांगावी, आणि त्या अभ्यासकांनी 'किती मिळाले?' याआधी 'त्यातले खरे किती?' असे विचारले, हेही सांगावे.