गृध्रकूट पर्वताचे धम्मातील स्थान



बिहारमधील राजगीर म्हणजे मगधाची प्राचीन राजधानी राजगृह. तेथील गृध्रकूट टेकडीवर आम्ही सहकुटुंब गेलो, तेव्हा परदेशात जन्मलेल्या माझ्या मुलीने विचारले, "बाबा, इथे देव राहतो का?" मी "नाही" म्हणालो. "मग ही जागा पवित्र का?" या तिच्या पुढच्या प्रश्नाचे उत्तर मात्र तेव्हा अपुरेच राहिले.

या टेकडीने तथागतांचे रक्त पाहिले आहे. देवदत्ताने वरून शिळा लोटली. दोन सुळक्यांनी एकत्र येऊन ती अडवली, असे विनयपिटक सांगते. पण कपची उडालीच आणि पायातून रक्त आले, हेही तेच सांगते. चमत्कार लिहिणाऱ्यालाही जखम नाकारता आली नाही! पायथ्याकडील आम्रवनात जीवकाने उपचार केले, अशी परंपरा आहे. हा जीवक उकिरड्यावर टाकून दिलेले मूल होता. तक्षशिलेला सात वर्षे शिकून तो वैद्य झाला. माझ्यासारख्या वैद्यकीय व्यवसायातील माणसाला या प्रसंगापुढे सर्व चमत्कार फिके वाटतात.

टेकडीवरची वाट बिंबिसार राजाने बांधली. त्या वाटेवरील दोन स्तूपांची नोंद ७ व्या शतकात ह्युएन त्संगाने केली आहे. एका ठिकाणी राजा रथातून उतरून पायी निघे. दुसऱ्या ठिकाणी तो सामान्य जनांना मागे परतवी. (ही दुसरी खूण मला आजही बोचते.)

तथापि या स्थानाचे खरे महत्त्व महापरिनिब्बान सुत्ताच्या आरंभी आहे. अजातशत्रूला वज्जींचे गणराज्य जिंकावयाचे होते. त्याचा अमात्य वस्सकार येथेच भगवंतांकडे आला. भगवंतांनी त्याला थेट उत्तर न देता, मागे उभे राहून वारा घालणाऱ्या आनंदाला विचारले: वज्जी वारंवार सभा भरवतात काय? एकोप्याने जमतात, एकोप्याने उठतात काय? असे सात प्रश्न झाले. वस्सकार समजला. युद्धाने हे लोक हरणार नाहीत. भुलावण किंवा आपसांतील फूट एवढेच उपाय उरतात, असे म्हणून तो गेला. त्यानंतर भगवंतांनी राजगृहाच्या परिसरातील भिक्खूंना एकत्र बोलावून असेच सात नियम संघालाही सांगितले. भिक्खुसंघ संसदीय कार्यपद्धतीचे नियम पाळीत असे, हे बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत सांगितले, तो हाच वारसा होय.

गेल्या एप्रिलमध्ये आपल्या शहरात एकाच सायंकाळी दोन सभागृहांत दोन जयंत्या साजऱ्या झाल्या. मी दोन्हीकडे गेलो. दोन्हीकडे बाबासाहेबांची तसबीर होती आणि दोन्हीकडे निम्म्या खुर्च्या रिकाम्या होत्या. पुढील वर्षी एकच सभागृह घ्यावे, असा ठराव मी आजच्या सभेपुढे मांडीत आहे. दोन्हीकडील मंडळी येथे उपस्थित आहेत. त्यांनी अनुमोदन द्यावे, ही विनंती.

जयभीम.