काचबिंदू : नकळत जाणारी दृष्टी



"मोतीबिंदू अजून पिकला नाही ना? मग पुढच्या साली बघू." हे वाक्य आम्हां नेत्रवैद्यांच्या कानांवर नित्य पडते. मोतीबिंदूपुरते पाहिले, तर थांबल्याने सहसा फारसे बिघडत नाही. भिंग गढूळ झालेले असते, ते काढून दुसरे बसविले की दिसू लागते. परंतु त्याच डोळ्यात काचबिंदूही असेल, तर त्या वर्षात जे गेले ते कोणत्याही शस्त्रक्रियेने परत येत नाही. दोहोंच्या नावांत 'बिंदू' आहे, एवढ्यावरून लोक दोघांना भाऊभाऊ समजतात, हे मोठे दुर्दैव होय.

डोळ्याच्या आत, बाहुलीभोवतीच्या रंगीत पडद्यामागे, पाण्यासारखा एक द्रव सतत पाझरत असतो. अश्रूंशी त्याचा संबंध नाही. तो बाहुलीतून पुढे येतो आणि रंगीत पडदा व पुढची पारदर्शक काच जेथे मिळतात, त्या कोपऱ्यातील बारीक जाळीतून रक्तात जातो. मोरी तुंबली आणि नळ चालूच राहिला म्हणजे जे होते, तेच जाळी तुंबल्यावर येथे होते. सामान्यतः पाऱ्याच्या १० ते २१ मिलिमीटरांइतका असणारा दाब वाढू लागतो.

आता हा दाब बाधतो कोठे? डोळ्याचे कवच चिवट असते. पण मागच्या बाजूस, जेथून दृष्टीचे सुमारे दहा-बारा लाख तंतू एकत्र होऊन मेंदूकडे निघतात, तेथे ते चाळणीसारखे सच्छिद्र आहे. दाबाने ही चाळणी मागे वाकते, तिची छिद्रे तिरपी होतात आणि त्यांतून जाणारे तंतू चिमटले जातात. तंतूंच्या आतून चालणारी पोषणद्रव्यांची ने-आण अडते, रक्तपुरवठाही उणावतो, तंतू मरतात. मेलेला तंतू पुन्हा उगवत नाही.

१८५१ साली हेल्महोल्ट्झने नेत्रदर्शक यंत्र केले, तेव्हा कोठे जिवंत माणसाच्या डोळ्यातील या मज्जातंतूचे तोंड नीट पाहता येऊ लागले. बर्लिनच्या फॉन ग्रेफेला १८५४ साली ते फुगलेले वाटले! एका डोळ्याने पाहताना छायाप्रकाशाने त्याला चकविले होते. तो उंचवटा नसून खळगा आहे, हे त्याने लवकरच मान्य केले. मोठ्या माणसांच्या अशा चुका आम्हांला फार धीर देतात.

तंतू मरतात ते एकदम नव्हे. प्रथम बहुधा नाकाकडची बाजू आणि मध्याच्या वरखालची कमान जाते. ऐन मधली नजर शेवटपर्यंत टिकते. शिवाय गेलेल्या जागी काळा डाग दिसत नाही; मेंदू ती जागा भोवतालच्या रंगरूपाने भरून काढतो, आणि एका डोळ्याची उणीव दुसरा झाकतो. एक निवृत्त शिक्षक आमच्याकडे आले ते वाचनाचा चष्मा बदलण्यासाठी. बारीक अक्षरे त्यांनी घडाघडा वाचली. अलीकडे दाराची चौकट खांद्याला लागते, हे त्यांच्या पत्नीने सांगितले. तपासले तेव्हा एका डोळ्याचे क्षेत्र नळीएवढे उरले होते.

नुसता दाब मोजून भागत नाही. दाब २१ च्या आत असूनही काहींचे तंतू मरतात. काहींचे २५ वरही शाबूत राहतात. म्हणून बाहुली मोठी करून मज्जातंतू पाहिलाच पाहिजे. अक्षरांचा तक्ता वाचून घेऊन रुग्णाची बोळवण करण्याचा दोष आम्हां वैद्यांकडेही आहे.

दुसरा एक प्रकार मात्र गाजावाजा करून येतो. कोपरा एकाएकी बंद होतो. डोळा लाल, डोके फुटेलसे दुखते, दिव्याभोवती रंगीत कडी दिसतात, ओकाऱ्या होतात. घरचे पित्त समजून सुंठ-साखर देतात. अशा वेळी त्याच रात्री डोळ्यांचा डॉक्टर गाठावा.

उपचार आहेत. टिमोलॉलचे थेंब १९७८ पासून, लॅटॅनोप्रोस्टचे १९९६ पासून मिळू लागले, लेसर आहे, द्रवाला नवी वाट करून देणारी केर्न्सची शस्त्रक्रिया १९६८ ची. हे सारे उरलेले राखतात. "थेंबांनी काही फरक पडत नाही" म्हणून लोक ते सोडतात. फरक न पडणे हेच तर त्यांच्याकडून हवे असते! उलट, डोळे खाजतात म्हणून दुकानातून परस्पर आणलेले स्टिरॉइडचे थेंब महिनोन्‌महिने घातल्याने दाब वाढू शकतो.

आईबाप वा भावंडांत हा रोग असल्यास धोका बराच वाढतो. त्या शिक्षकांना आम्ही भावंडांना घेऊन यायला सांगितले. धाकटे बंधू कुरकुरत आले. त्यांना काहीच त्रास नव्हता. त्यांचा खळगा नुकताच वाढू लागला होता. थेंब त्याच दिवशी सुरू केले.