स्मृतिभ्रंशाचा रुग्ण आणि घराची झोप
(रुग्णालयाच्या वार्षिक सभेत प्रशासकांनी केलेल्या भाषणाचा मजकूर)



प्रतिवर्षी या सभेत आम्ही जमाखर्च वाचून दाखवतो. यंदाचा ताळेबंद छापील स्वरूपात आपल्या हाती आहेच. तो पुन्हा वाचण्याऐवजी, ताळेबंदात कोठेच न बसणाऱ्या एका खर्चाविषयी बोलण्याची अनुज्ञा आम्ही अध्यक्षांकडून मागून घेतली आहे. आम्ही वाणिज्य शाखेचे पदवीधर. औषधोपचाराविषयी बोलण्याचा अधिकार डॉक्टरांचा. आमची जागा केसपेपरच्या खिडकीमागची. परंतु त्या खिडकीतून जे दिसते, ते तपासणीच्या खोलीत दिसतेच असे नाही.

वृद्धांना घेऊन येणाऱ्या कुटुंबांना ‘काय त्रास?’ असे विचारले, तर ‘विसरतात’ असे उत्तर क्वचित मिळते. विसरणे हे आपल्याकडे दुखणे मानलेच जात नाही. ‘साठी बुद्धी नाठी’ म्हणून आपण हसतो, फार झाले तर ‘म्हातारचळ’ म्हणतो आणि विषय संपवतो. उत्तर मिळते ते असे : “मामांना रात्रीची झोप नाही. गोळी लिहून द्या.” असे सांगणाऱ्या एका सूनबाईंचा केसपेपर आम्ही स्वतः काढला होता. कागद पुढे सरकवीपर्यंत त्या खिडकीच्या कठड्याला टेकून उभ्याउभ्या पेंगल्या. ज्यांना झोप नव्हती ते सासरे मात्र बाकावर ताठ बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला नमस्कार करीत होते. पाहणाऱ्यास रुग्ण कोण, हा प्रश्न पडावा.

पुढे त्यांच्याकडून कळले ते असे. घर शिरूर गावातच. दिवे लागले की मामा छत्री आणि पिशवी घेऊन दारात उभे राहत. “घोडनदीला जायचंय, बाजार उठंल.” ‘मामा, हीच घोडनदी,’ असे घरचे सांगत, पण ते त्यांना पटत नसे. आपल्यापैकी जुन्या मंडळींना ठाऊक आहे की शिरूरला घोडनदीच म्हणत. आजही पुष्कळ जण म्हणतात. त्या गृहस्थांचे शिरूर पुसले गेले होते, घोडनदी शिल्लक होती. या रोगाची रीत बहुधा अशीच असते. कालचे आधी जाते, बालपणीचे शेवटपर्यंत टिकते.

येथे डॉक्टरांनी आम्हांस समजावून दिलेला भेद सांगणे आवश्यक आहे. चष्मा कोठे ठेवला हे विसरणे वयाचे असू शकते. चष्मा कशासाठी असतो हे विसरणे वयाचे नव्हे. नेहमीच्या वाटेवर चुकणे, हिशेबात आयुष्य गेलेल्या माणसाला सुटे पैसे न जमणे, तोच प्रश्न दहा मिनिटांत दहा वेळा विचारणे, यांसाठी डॉक्टरांना दाखवले पाहिजे. दाखवण्याचे आणखी एक कारण आहे. विसरणारा प्रत्येक जण स्मृतिभ्रंशाचाच असतो असे नाही. बी-१२ जीवनसत्त्वाची कमतरता, थायरॉईड ग्रंथीचे मंदावलेले काम, मनाची खिन्नता, पडल्यानंतर मेंदूभोवती साचलेले रक्त, इतकेच काय, कमी ऐकू येणे आणि नको तितकी औषधे, यांनीही माणूस तसाच दिसू लागतो, आणि यांतील बहुतेकांवर इलाज आहे. साध्या रक्ततपासणीने जे कळले असते ते म्हातारचळ म्हणून घरात वर्षानुवर्षे पडून राहावे, याची आम्हांस खंत वाटते.

अल्झायमर हा स्मृतिभ्रंशाचा सर्वाधिक आढळणारा प्रकार; तो पूर्ण बरा करणारे औषध मात्र आजही नाही. काही औषधांनी थोडा काळ आधार मिळतो. अगदी आरंभीच्या अवस्थेत रोगाची गती काहीशी मंदावणारी नवी इंजेक्शने २०२३ पासून अमेरिकेत मान्य झाली आहेत. ती महाग आहेत, आणि त्यांच्यासाठी लागणारी तपासणी व देखरेख शिरूरच्या रुग्णाच्या आवाक्याबाहेरची आहे. म्हणून आम्ही झोपेकडे वळतो, कारण तेथे आपल्या हाती काही आहे.

दिवस आणि रात्र यांची जाणीव ठेवणारे मेंदूतील घड्याळच या रोगात बिघडते. संध्याकाळी सावल्या लांबल्या की रुग्ण अस्वस्थ होतो, ‘घरी जायचे’ म्हणतो, रात्री हिंडतो आणि दुपारी झोपतो. घरातील माणसे दुपारी झोपू शकत नाहीत. त्यांची नोकरी असते, दूधदुभते असते, मुलांची शाळा असते. मग गोळीची मागणी होते. ती देणे सोपे आहे. न देण्याचे शहाणपण आम्ही कसे शिकलो, हे या सभेपुढे सांगितले पाहिजे.

काही वर्षांपूर्वी आमच्याच पुरुष वॉर्डात एक वृद्ध हर्नियाच्या शस्त्रक्रियेसाठी दाखल होते. घरी ते थोडेफार विसरत, एवढेच कुटुंबाने सांगितले होते. दुसऱ्या रात्री ते उठून सलाईन ओढू लागले. चष्मा व कानातले यंत्र आम्हीच काढून कपाटात ठेवले होते, नातेवाईकांना नियमाप्रमाणे बाहेर पाठवले होते, दिवे पूर्ण मालवले होते. परक्या अंधारात, न दिसणाऱ्या व न ऐकू येणाऱ्या त्या माणसाचे हात कर्मचाऱ्यांनी पट्टीने खाटेला बांधले. नंतर झोपेचे औषध दिले गेले. पहाटे पट्टी सोडल्यावर ते गुंगीतच लघवीला उठले, पडले आणि खुब्याचे हाड मोडले. त्या रात्रीच्या नोंदवहीत ‘रुग्ण सहकार्य करीत नाही’ असे वाक्य आहे. वाढीव उपचारांचे बिल आम्ही लावले नाही. परंतु जे गृहस्थ चालत आले होते, ते रुग्णवाहिकेतून घरी गेले.

त्यानंतर काही बदल केले, त्यांस खर्च जवळजवळ लागला नाही. साठीपुढच्या रुग्णाजवळ रात्री एक ओळखीचे माणूस राहू शकते. चष्मा आणि श्रवणयंत्र उशाशी राहते. मंद दिवा रात्रभर असतो. खाट खाली घेतली जाते. डॉक्टरांची हरकत नसेल तर रक्तदाब पाहण्यासाठी झोपेतून उठवले जात नाही. आणि एखादा वृद्ध एकाएकी, एक-दोन दिवसांत भ्रमिष्टासारखा वागू लागला, तर तो वाढलेला स्मृतिभ्रंश असे न समजता लघवीतील जंतुसंसर्ग, रक्तातील सोडियम, नव्याने सुरू झालेले औषध यांची तपासणी आधी होते. नातेवाईकांनीही हे ध्यानात ठेवावे. हळूहळू आलेले विसरणे आणि एकाएकी आलेला गोंधळ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. दुसरीसाठी त्याच दिवशी रुग्णालयात आले पाहिजे.

सूनबाईंना गोळी मिळाली नाही. सकाळी मामांना तासभर उन्हात बसवा, दुपारची झोप अर्ध्या तासावर आणा, चार वाजल्यानंतर चहा देऊ नका, दिवेलागणीपूर्वीच घरातले सगळे दिवे लावा, असे त्यांना सांगण्यात आले. याने चमत्कार झाला नाही. मात्र एक युक्ती त्यांची त्यांनाच सापडली. मामा निघाले की वाद न घालता त्याही पिशवी घेऊन बरोबर निघत, कोपऱ्यापर्यंत जाऊन परत येत. घरी आल्यावर मामाच सांगत, “बाजार उठला व्हता.”

अशी सोबत नसेल तेव्हा काय होते, याची आम्हांस धास्ती वाटते. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या ‘अस्तु’ या २०१३ सालच्या चित्रपटात वृद्ध संस्कृत पंडित हत्तीच्या मागे चालत हरवतो. मोहन आगाशे यांनी ती भूमिका केली आहे. आमच्या तालुक्यात हत्ती नाहीत. येथे ऊस आहे, कालवा आहे, विहिरी आहेत, पुणे-नगर रस्त्यावरची अवजड वाहने आहेत आणि बिबट्या आहे. २०२५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात पिंपरखेड परिसरात लहान मुलांसह माणसे दगावली, ती आठवण ताजी आहे. अंधारात वस्तीवरून निघालेला वृद्ध सकाळी सापडेल, असे समजून झोपी जाणे घरच्यांना शक्य नाही. म्हणून दाराला कडी वरच्या बाजूस, पैंजणातले घुंगरू दाराला, कुर्त्याच्या खिशात नाव व फोन लिहिलेला कागद, असे उपाय आम्ही सांगतो. तरीही कोणी तरी एक जण जागे राहतेच. बहुधा ती घरातील स्त्री असते.

झोपेची दुसरी बाजू तिशी-चाळिशीतल्या नातेवाईकांसाठी सांगतो. लंडनमधील सरकारी नोकरांवर, म्हणजे आमच्याच जातकुळीच्या कारकून मंडळींवर, दीर्घकाळ चाललेला एक अभ्यास आहे. २०२१ साली त्याचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. सुमारे ८,००० माणसांची २५ वर्षे नोंद ठेवली, तेव्हा पन्नाशी, साठी आणि सत्तरीत सातत्याने सहा तास किंवा त्याहून कमी झोपणाऱ्यांत, सात तास झोपणाऱ्यांच्या तुलनेत, पुढे स्मृतिभ्रंश होण्याचा धोका ३० टक्क्यांनी अधिक दिसला. कमी झोप हेच कारण, असे यावरून सिद्ध होत नाही, आणि रात्री जागणाऱ्या प्रत्येकाने घाबरण्याचेही कारण नाही. पण आपला तालुका पाहावा. शेतीपंपाची वीज वर्षानुवर्षे आलटूनपालटून रात्रीची मिळत आली. एक पिढी रात्री दारे धरण्यात गेली. दुसरी पिढी रांजणगावच्या औद्योगिक वसाहतीत तिसऱ्या पाळीला जाते. झोप ही आळशाची चैन, अशी आपली समजूत आहे. ती आता बदलावी. रक्तदाब, मधुमेह, तंबाखू, बहिरेपणा हेही २०२४ च्या लॅन्सेट आयोगाने मोजलेल्या १४ टाळता येण्याजोग्या कारणांत आहेत, आणि आपल्या बाह्यरुग्ण विभागात त्यांवर उपचार होतात.

आता मूळ खर्चाकडे येतो. भारतात ६० वर्षांपुढील व्यक्तींत स्मृतिभ्रंशाचे प्रमाण ७.४ टक्के असल्याचा अंदाज २०२३ मध्ये एका राष्ट्रीय पाहणीतून पुढे आला. म्हणजे देशभरात सुमारे ८८ लाख माणसे. स्त्रियांत आणि खेड्यांत हे प्रमाण अधिक आढळले. ज्या गावात साठीपुढची ३०० माणसे आहेत, तेथे या हिशेबाने सुमारे २२. त्या २२ घरांना आम्ही काय देतो? धर्मादाय रुग्णालयांच्या योजनेनुसार, कलम ४१ कक खाली, १० टक्के खाटा निर्धनांसाठी मोफत आणि १० टक्के दुर्बल घटकांसाठी सवलतीत. ऑक्टोबर २०२४ पासून सत्तरीपुढच्या सर्वांना आयुष्मान योजनेत ५ लाखांपर्यंतचे विमासंरक्षण आहे. या चांगल्या व्यवस्था आहेत. परंतु सारे मोजमाप खाटेचे आहे. माणूस दाखल झाला, बरा झाला, घरी गेला, की खाते पूर्ण. स्मृतिभ्रंशाच्या रुग्णाला खाट नको असते. परकी खाट त्याला अपायकारकच ठरते, हे आम्ही पाहिले. त्याच्या घरच्यांना हवे असतात तास. सात-आठ वर्षे रात्री जागणाऱ्या स्त्रीचे तास कोणत्याही खतावणीत नावे पडत नाहीत.

हा प्रश्न नवा नाही. १९०१ साली फ्रँकफुर्टच्या मनोरुग्णालयात ५१ वर्षांची एक स्त्री दाखल झाली. तिची तपासणी करणारे डॉक्टर अलॉइस अल्झायमर, ज्यांचे नाव पुढे रोगाला मिळाले. तिचा नवरा रेल्वेत कारकून होता. दौंडकरांना तो परका वाटू नये. पत्नीचा विसराळूपणा आणि रात्रीचा आकांत त्याला घरी सांभाळवेना, आणि रुग्णालयाचा खर्चही जड जाऊ लागला. या रोगाच्या पहिल्याच प्रकरणात बिलाचा प्रश्न होता, हे वाचून आम्ही क्षणभर थबकलो.

विश्वस्त मंडळापुढे आमचा प्रस्ताव असा आहे. बाह्यरुग्ण विभागामागील पूर्वेकडच्या दालनात, जेथे सकाळचे ऊन येते, आठवड्यातील सहा दिवस, सकाळी दहा ते सायंकाळी पाच, स्मृतिभ्रंशाच्या वृद्धांसाठी दिवसभराची सोय करावी. प्रशिक्षित दोन परिचारक, जेवण, थोडी हालचाल, भजन, शेंगा सोलणे, भाजी निवडणे, जे ज्याच्या हाताला आठवते ते. दुपारी रुग्ण जागा राहिला तर रात्री झोपण्याची शक्यता वाढते. आणि त्या सात तासांत घरातील एक जण दार लावून झोपू शकतो.

प्राथमिक चर्चेत एका सन्माननीय सदस्यांनी ‘हे रुग्णालय आहे, पाळणाघर नव्हे’ असा आक्षेप नोंदवला. आक्षेप वाजवी आहे. या दालनातून उत्पन्न होणार नाही, आणि तेथून कोणी बरा होऊन जाणार नाही. ‘सुनेने सासऱ्याला टाकले’ असे गावात बोलले जाईल, अशीही शंका आली. त्यासाठी आम्ही आरंभी आठवड्यातून दोनच दिवसांनी सुरुवात करावी, आणि संध्याकाळी पाचला घरच्याच माणसाने न्यावयास यावे, असा नियम सुचवला आहे.

देणगीदारांसाठी एक अडचण मोकळेपणाने मांडतो. यंत्राला पाटी लावता येते, खोलीला नाव देता येते. या कामात यंत्र नाही आणि खोली आहेच; पैसा लागणार तो दोन माणसांच्या दरमहा पगाराला. तो एकदा देऊन भागत नाही. म्हणून आम्ही एकरकमी देणगीपेक्षा तीन वर्षांचा मासिक संकल्प मागत आहोत. अंदाजपत्रक स्वतंत्र कागदावर आहे. चहापानाच्या वेळी ते आमच्याकडून घ्यावे.

ज्या सूनबाईंचा उल्लेख केला त्या आज सभेला येणार होत्या. सकाळी त्यांचा निरोप आला की काल रात्री मामा तीन वेळा निघाले, आता ते झोपले आहेत, तेव्हा त्याही जरा पडणार आहेत. त्यांची खुर्ची रिकामी ठेवली आहे.